केंडलबाईंबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फेलिसिटी केंडल या इंग्रज अभिनेत्रीचं नाव काढलं की आपल्याकडे दोन तऱ्हेची माणसं भेटतात. एक म्हणतात, 'अरे, ती शशी कपूरची मेव्हणी!' दुसरी, बहुधा इंग्लंडात काही वर्षं काढून आलेली, म्हणतात, 'हां, ती घरामागे डुकरं पाळणारी!' दोन्ही खरं आहे (डुकरं अर्थात पडद्यावरची, बीबीसीच्या 'द गुड लाइफ' या विनोदी मालिकेतली). पण त्यांनी मधली पन्नास-साठ वर्षं रंगभूमीवर जे काढलं, ते दोघांच्याही खिजगणतीत नसतं. त्यामुळे नेहमी कानावर येणारे प्रश्न एकदाचे उत्तरांसकट लिहून ठेवतो आहे.

शशी कपूरची मेव्हणी तीच ना?

तीच. शशी यांच्या पत्नी जेनिफर या फेलिसिटी यांच्या थोरल्या बहीण. दोघींत तेरा वर्षांचं अंतर. करण, कुणाल आणि संजना कपूर यांच्या या मावशी. इंग्लंडमध्ये मात्र ओळख उलटी सांगावी लागते. तिथल्या बऱ्याच लोकांना केंडलबाई घरच्यासारख्या, आणि 'त्यांचे मेव्हणे भारतात मोठे नट होते बरं का' ही नवी माहिती.

त्यांचा जन्म भारतातला का?

नाही. 25 सप्टेंबर 1946, इंग्लंडात बर्मिंगहॅमजवळच्या ओल्टनमध्ये. पण बालपणाचा मोठा भाग भारतात, आई-वडिलांच्या फिरत्या नाटक कंपनीबरोबर गेला. रंगभूमीवर पहिलं पाऊल ठेवलं असं म्हणता येत नाही, कारण तेव्हा त्यांना चालताही येत नव्हतं. 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये यक्षांच्या राजा-राणीचं ज्या पोरावरून भांडण जुंपतं, ते पोर म्हणून नऊ महिन्यांच्या फेलिसिटीला उचलून मंचावर नेलं होतं. संवाद नव्हते. रडल्या की नाही याची नोंद माझ्या पाहण्यात नाही.

केंडल हे खरं आडनाव आहे का?

वडिलांचं मूळ नाव जेफ्री ब्रॅग. गाव उत्तर इंग्लंडमधलं केंडल. नट झाल्यावर त्यांनी गावाचं नाव लावलं. आपल्या हिशेबानं 'केंडलकर'.

ती 'शेक्सपिअराना' कंपनी म्हणजे नेमकं काय होतं?

इथं जरा ऐसपैस सांगतो. पुढचं सगळं समजून घ्यायला हे लागतं.

जेफ्री केंडल आणि त्यांच्या पत्नी लॉरा लिडेल युद्धाच्या काळात सैनिकांसमोर नाटकं करत भारतात आले आणि या देशाच्या प्रेमात पडले. पुढे त्यांनी शेक्सपिअरची नाटकं घेऊन भारतभर दौरे करणारी स्वतःची कंपनी काढली. शॉ, शेरिडन हेही खेळांत असत, पण कंपनीचं नाव आणि कुलदैवत शेक्सपिअर. आज कॉन्व्हेंटच्या सभागृहात मुलामुलींसमोर प्रयोग, उद्या एखाद्या संस्थानिकाच्या दरबार हॉलमध्ये, परवा जुन्या सिनेमा थिएटरात. पेट्या, कपडेपट, तलवारी आगगाडीत टाकायच्या आणि पुढचं गाव गाठायचं. माणसं मोजकी, म्हणून एकेकानं दोन-तीन भूमिका करायच्या. आपल्या जुन्या नाटक मंडळींच्या आठवणी वाचलेल्या कुणालाही हे वातावरण नवं वाटणार नाही. बिऱ्हाड पाठीवर, मालक हाच प्रमुख नट, आणि मालकाचं कुटुंब म्हणजे अर्धी कंपनी.

या कंपनीत भारतीय नटही होते. उत्पल दत्त इथं घडले. पृथ्वीराज कपूर यांचा धाकटा मुलगा शशी जेनिफरच्या मागोमाग याच कंपनीत शिरला आणि 1958 मध्ये दोघांचं लग्न झालं. जेनिफरच्या वडिलांना ते रुचलं नव्हतं. जावई म्हणून हरकत होती की हाताशी असलेली नायिका निघून चालली म्हणून, हे सांगणं कठीण. नाटक कंपनीच्या मालकाच्या बाबतीत ही दोन दुःखं वेगळी काढता येत नाहीत.

म्हणजे अभिनयाचं रीतसर शिक्षण झालंच नाही?

नाट्यशाळेचं नाही. साधी शाळासुद्धा दौऱ्याप्रमाणे बदलत गेली. पण मला विचाराल तर याहून कडक तालीम दुसरी नसेल. समोर शंभर-दोनशे शाळकरी पोरं बसलीत, त्यांतल्या निम्म्यांना शेक्सपिअरची इंग्रजी डोक्यावरून जातेय, पंखा घरघरतोय, बाहेर कावळे ओरडताहेत. अशा वेळी नटाला एकच गोष्ट वाचवते: समोरच्या अंधारातला श्वास ऐकता येणं. कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, हशा कुठपर्यंत चढू द्यायचा आणि पुढचं वाक्य नेमकं कधी त्याच्या पाठीवर ठेवायचं. केंडलबाईंच्या विनोदात पुढे जे दिसतं ते इथलं आहे, असं माझं ठाम मत आहे.

'शेक्सपिअर वाला' हा सिनेमा त्यांच्याच घराची गोष्ट आहे का?

बरीचशी. जेम्स आयव्हरी यांचं दिग्दर्शन, इस्माईल मर्चंट यांची निर्मिती, रूथ प्रवर झाबवाला यांची पटकथा, सुब्रत मित्र यांचं छायाचित्रण, सत्यजित राय यांचं संगीत. साल 1965. जेफ्री आणि लॉरा यांनी बकिंगहॅम नावाच्या नट-नटी दांपत्याची कामं केली, फेलिसिटीनं त्यांच्या मुलीचं, लिझीचं. नायक शशी कपूर. म्हणजे पडद्यावरचे आई-वडील खरेखुरे आणि प्रियकर सख्ख्या बहिणीचा नवरा. जेनिफरही एका छोट्या भूमिकेत आहेत. बर्लिनच्या महोत्सवात अभिनेत्रीचं पारितोषिक मात्र मधुर जाफरी यांना मिळालं. त्यांनी साकारलेली सिनेतारका मंजुळा ऐन नाटकात उशिरा येऊन बसते आणि प्रेक्षकांच्या माना मंचाकडून तिच्याकडे वळतात. तो प्रसंग पाहताना नाटकवाल्यांच्या पोटात आजही खड्डा पडतो.

सिनेमात कंपनी विझत चालली आहे, इंग्रज गेले आणि शेक्सपिअरला गिऱ्हाईक उरलं नाही, असा सूर आहे. जेफ्री यांना तो पटला नव्हता. त्यांच्या मते त्यांची नाटकं चांगली चालत होती, आणि त्यांचा प्रेक्षक भारतीयच होता. शेवटी लिझी बोटीनं इंग्लंडला निघते. थोड्याच काळात खरी फेलिसिटीही निघाली.

सिनेमा गाजल्यावर इंग्लंडात लगेच कामं मिळाली असतील?

छे. युरोपातल्या महोत्सवात नाव झालं म्हणून लंडनमध्ये दार उघडतं असं नाही. शिवाय या मुलीला शेक्सपिअरच्या एवढ्या भूमिका पाठ होत्या आणि तिथल्या नाट्यसृष्टीत ओळखीचं माणूस एक नव्हतं. 1966 मध्ये बीबीसीच्या एका दूरदर्शन नाटकात जॉन गिलगुड यांच्यासमोर काम मिळालं, 1967 मध्ये लंडनच्या सॅव्हॉय थिएटरात पहिलं नाटक. मग काही वर्षं इकडच्या मालिकेत एक भाग, तिकडच्या मालिकेत एक भाग, असं चाललं. 1975 साली राजा सातव्या एडवर्डवरच्या मालिकेत त्याची बहीण व्हिकी त्यांनी केली.

मग 'द गुड लाइफ' कशी मिळाली?

नाटकामुळे. 1974 मध्ये ॲलन एकबर्न यांची 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' ही तीन नाटकांची माळ लंडनमध्ये आली. एकच घर, एकच शनिवार-रविवार, तीच सहा माणसं. एक नाटक जेवणघरात घडतं, दुसरं बैठकीच्या खोलीत, तिसरं बागेत. एका नाटकात जे पात्र दार आपटून बाहेर जातं, ते दुसऱ्या नाटकात आत येतं. या गणितात केंडलबाई होत्या ॲनी, अंथरुणाला खिळलेल्या आईची सेवा करत घरात अडकलेली धाकटी बहीण. नॉर्मन होता टॉम कोर्टनी, तिच्यावर प्रेम करणारा पण तोंड न उघडणारा गुरांचा डॉक्टर मायकेल गॅम्बन, आणि कडक वहिनी पेनेलोपी कीथ.

बीबीसी तेव्हा रिचर्ड ब्रायर्स या लोकप्रिय विनोदी नटासाठी नवी मालिका उभी करत होती. त्याची बायको आणि त्याची शेजारीण, दोन्ही या एकाच नाटकातून उचलल्या. चौथा, म्हणजे शेजारणीचा नवरा, पॉल एडिंग्टन. पुढे 'येस मिनिस्टर'मध्ये मंत्री झाले ते हेच.

मालिकेत असतं काय? आज आपल्याला कळेल का?

सहज कळेल. लंडनच्या कडेला सर्बिटन नावाचं नीटनेटकं उपनगर. टॉम गुड चाळिशीला पोचतो. नोकरी काय, तर न्याहारीच्या पाकिटांत घालायच्या प्लॅस्टिकच्या खेळण्यांचं डिझाइन. वाढदिवसाच्या दिवशी त्याचं डोकं फिरतं आणि तो ठरवतो: नोकरी सोडायची, पण घर सोडायचं नाही. पुढचं-मागचं अंगण खणून भाजी लावायची, कोंबड्या, बकरी, डुकरं पाळायची, लागेल ते स्वतः करायचं. बायको बार्बरा रात्रभर विचार करते आणि हो म्हणते. शेजारी मार्गो आणि जेरी लेडबेटर. जेरी त्याच कंपनीतला वरचढ अधिकारी, आणि मार्गोला समाजात आपली पत सांभाळायची आहे. कुंपणापलीकडे डुकरं आली की पत कशी राहणार?

बकरीचं नाव जेराल्डिन, कोंबड्याचं लेनिन. तळघरात जनावरांच्या शेणमुतावर चालणारा जनरेटर आहे. आपल्याकडच्या गोबरगॅसवाल्यांना त्यात आश्चर्य वाटायचं काही नाही, पण सर्बिटनमध्ये तो क्रांतिकारकच. मटारच्या शेंगांपासून घरी केलेली दारू तर मालिकेतलं पाचवं पात्र म्हणावी अशी.

काळही लक्षात घ्या. 1974 च्या सुरुवातीला ब्रिटनमध्ये वीज वाचवायला कारखाने आठवड्यातून तीनच दिवस चालवावे लागत होते. महागाई गगनाला भिडली होती. 'आपलं आपण पिकवून खाऊ' हे स्वप्न घरोघरी पडत होतं. जॉन एस्मंड आणि बॉब लार्बी या लेखकजोडीनं त्या स्वप्नाला चिखलाचे बूट घातले. 4 एप्रिल 1975 ला पहिला भाग आला.

मी ही मालिका पहिल्यांदा पाहिली ती पुण्यात, मित्राच्या मामांनी लंडनहून आणलेल्या व्हिडिओ कॅसेटवर. मित्राची आजी शेजारी बसून निवडत असलेल्या पालकावरून मान वर न करता म्हणाली, 'यात हसण्यासारखं काय? हिनं गवार फार दाट लावलीय.'

पण सगळे हशे मार्गो घेते. बार्बरा तर साधीच आहे. मग केंडलबाईंचं एवढं कौतुक कशाला?

हा प्रश्न मला सगळ्यांत आवडतो, कारण यात अर्धं खरं आहे. मार्गो ही अजरामर विनोदी व्यक्तिरेखा. तिला विनोद कळत नाही हाच तिचा विनोद. नाताळच्या भागात पाहा: झाड साडेआठ फुटांचंच आलं, नऊ फुटांचं नाही, म्हणून ती ते परत पाठवते, आणि त्याबरोबर तिचा सगळा नाताळ परत जातो. मग गुड मंडळींकडे वर्तमानपत्राच्या कागदी टोप्या घालून सण साजरा करायची वेळ येते, तर तिला तक्रार की माझी टोपी 'डेली मिरर'सारख्या सामान्यांच्या वर्तमानपत्राची का! कीथबाईंना 1977 मध्ये या भूमिकेसाठी बाफ्टा हे ब्रिटनमधलं मानाचं पारितोषिक मिळालं, ते योग्यच होतं.

आता ध्वनी बंद करून तोच भाग पुन्हा पाहा आणि डोळे फक्त बार्बरावर ठेवा. जेरीचा टोमणा तिला सगळ्यांत आधी कळतो. मार्गो दुखावली हे टॉमला कळायच्या आधी हिला कळतं. टॉम आपल्या तत्त्वांच्या घोड्यावर बसला की ती एक क्षण थांबते, ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हलतं, आणि तेव्हाच आपलं ठरतं की या माणसावर चिडायचं की हसायचं. टॉम गुड तसा हट्टी माणूस आहे. स्वतःच्या लहरीसाठी त्यानं बायकोला गुडघाभर चिखलात उभं केलंय. बार्बरानं नुसतं सोसलं असतं तर ही मालिका एका छळाची कहाणी झाली असती. ती खोडकर आहे, रागावते, टॉमला चांगलं फैलावर घेते, मधूनच एखाद्या सुंदर झग्यासाठी हळहळते, आणि तरी आपल्या मर्जीनं तिथं उभी आहे. हे 'आपल्या मर्जीनं' दाखवणं लेखनात फार थोडं असतं. ते नटीला करावं लागतं.

गाण्यात टाळ्या तानेला पडतात. ठेका धरणाऱ्याकडे लक्ष जातं ते तो चुकला तर. बार्बरा हा या मालिकेचा ठेका.

शेवटच्या नेहमीच्या भागात चोर घरात घुसून सगळी नासधूस करून जातात. त्या मोडक्या खोलीत उभी राहिलेली बार्बरा पाहिली की कळतं, ही बाई नुसती गोड दिसण्यावर चाललेली नव्हती.

एकूण भाग किती? फारच थोडे दिसतात.

तीस. चार वर्षांत फक्त तीस. सात-सात भागांचे चार हंगाम, 1977 चा नाताळचा भाग, आणि 1978 च्या जूनमध्ये खुद्द राणी एलिझाबेथ यांच्या समोर झालेला एक खास प्रयोग. तिथली पद्धत अशी, की आठवडाभर नाटकासारखी तालीम करायची आणि मग एका संध्याकाळी स्टुडिओत प्रेक्षक बसवून चित्रित करायचं. हशा खरा असतो आणि नटांना त्याच्याशी जुळवून घ्यावं लागतं. शेक्सपिअरानात वाढलेल्या मुलीला हे घरच्यासारखं वाटलं असणार. रोजच्या मालिकांचे हजार-हजार भाग पचवणाऱ्या आपल्याला तीस म्हणजे तोंडी लावणं वाटतं, पण तोंडी लावणंच लक्षात राहतं.

कुठल्यातरी कार्यक्रमात त्यांची जाम टिंगल केली होती म्हणे?

'द यंग वन्स', 1984. बंडखोर, आचरट पोरांची मालिका. त्यात व्हिव्हियन नावाचं पात्र 'द गुड लाइफ'ची नावं पडद्यावर येताच पडदाच फाडून बाहेर येतं आणि ही किती गुळचट मालिका आहे म्हणून थैमान घालतं. केंडलबाईंच्या नावात त्यानं काकवी घातली. म्हणजे अक्षरशः 'काकवी' हे मधलं नाव दिलं. टीका अगदीच बिनबुडाची नव्हती. वर्तमानपत्रांनी त्यांना 'सगळ्या देशाची लाडकी' करून पार चिकट करून टाकलं होतं. 1981 मध्ये 'वर्षातली सर्वोत्तम पार्श्वभूमी' असला एक पुरस्कारही त्यांना देण्यात आला. पार्श्वभूमी म्हणजे काय ते तुम्ही समजून घ्या. त्याच्या मागच्याच वर्षी ही बाई नॅशनल थिएटरात पॉल स्कोफिल्ड यांच्या ऑथेल्लोसमोर डेस्डिमोना करत होती, हे त्या पुरस्कारवाल्यांच्या गावी नसावं.

'द गुड लाइफ'नंतर मालिका केल्याच नाहीत का?

केल्या. कार्ला लेन या लेखिकेच्या दोन: 'सोलो' (1981-82) आणि 'द मिस्ट्रेस' (1985-87). पहिलीत तिशीतली जेम्मा विश्वासघातकी मित्राला घराबाहेर काढते, नोकरीही सोडते आणि एकटी राहायचं ठरवते. दुसरीत मॅक्सिन ही फुलांचं दुकान चालवणारी बाई एका विवाहित माणसात गुंतलेली. लाडक्या बार्बरानं दुसरीचा नवरा पळवावा हे अनेकांना पचलं नाही. माझ्या मते दोन्ही मालिका विनोदी म्हणून थोड्या उदासच आहेत आणि तेच त्यांचं बळ.

'हनी फॉर टी' (1994) मात्र फसली. अमेरिकन विधवा, केंब्रिजचं कॉलेज, आणि कानाला खटकणारे अमेरिकन उच्चार. एका हंगामात गाशा गुंडाळला. त्यावर याहून जास्त शब्द खर्च करण्यात अर्थ नाही.

2003 पासून आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीवर 'रोझमेरी अँड थाइम'. वनस्पतींच्या रोगांची तज्ज्ञ आणि पोलिसातून बाहेर पडलेली तिची मैत्रीण (पॅम फेरिस) ठिकठिकाणच्या बागा दुरुस्त करत हिंडतात आणि जातील तिथे खून होतो. 22 भाग. रविवारी दुपारी जेवणानंतर लोळत पाहण्याजोगं.

रंगभूमीवर मोठं काम कोणतं?

कुठून सुरुवात करू? 1979 मध्ये नॅशनल थिएटरात 'अमेडियस'चा पहिला प्रयोग झाला, त्यात मोत्झार्टची बायको कॉन्स्टान्झे त्यांनी केली. 1989 मध्ये 'मच अडू अबाउट नथिंग'मधली बिआट्रिस, समोर ॲलन बेट्स. त्या वर्षी 'इव्हनिंग स्टँडर्ड' या लंडनच्या वर्तमानपत्राचं सर्वोत्तम अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. 2003 मध्ये बेकेटच्या 'हॅपी डेज'मधली विनी, म्हणजे आधी कमरेपर्यंत आणि मग मानेपर्यंत मातीत गाडलेली, तरी बडबड न थांबवणारी बाई. ज्यांना बार्बरा 'गोड' वाटते त्यांनी ही विनी कल्पून पाहावी. चिखल तोच, आशावाद तोच, फक्त आता बाहेर पडायला वाट नाही.

पण खरी जोडी जमली ती नाटककार टॉम स्टॉपर्ड यांच्याशी. 'ऑन द रॅझल' (1981), 'द रिअल थिंग' (1982), 'हॅपगुड' (1988), 'आर्केडिया' (1993). स्टॉपर्ड यांची वाक्यं म्हणजे बुद्धिबळाचा डाव; अर्थ कळूनही नट मागे पडतो. केंडलबाई ती अशी बोलत की विचार आत्ताच सुचलाय. 'हॅपगुड'मध्ये पुंजभौतिकी (क्वांटम फिजिक्स) आणि हेरगिरी एकत्र कालवलेली आहे, तीसुद्धा त्यांनी हसत पार केली. दोघांचं काही वर्षं खासगी आयुष्यातही नातं होतं. त्यावर चघळून झालेलं खूप आहे, इथं भर घालत नाही.

'इंडियन इंक' भारताबद्दल आहे ना?

हो, आणि केंडल घराण्याबद्दलही, आडून. आधी ते रेडिओ नाटक होतं, 1991 चं 'इन द नेटिव्ह स्टेट'. मग 1995 मध्ये रंगमंचावर 'इंडियन इंक'. 1930 साली फ्लोरा क्रू नावाची आजारी इंग्रज कवयित्री जुम्मापूर या काल्पनिक संस्थानात येते. निराद दास हा चित्रकार तिचं चित्र काढतो आणि बोलता बोलता तिला रससिद्धान्त समजावतो. शृंगार कशाला म्हणतात हे लंडनच्या प्रेक्षकाला एका नाटकात बसून ऐकावं लागलं, याचं मला फार बरं वाटतं. फ्लोरा दोन्ही वेळा केंडलबाईच होत्या. छापील नाटक लॉरा केंडल यांच्या स्मृतीला अर्पण केलेलं आहे. पेट्या बांधून गावोगाव शेक्सपिअर नेणाऱ्या त्या आईच्या.

जेनिफर आणि फेलिसिटी यांच्यात चांगली अभिनेत्री कोण?

असले प्रश्न विचारू नयेत. जेनिफर यांचा '36 चौरंगी लेन' (1981) हा सिनेमा पाहा आणि गप्प बसा.

जेनिफर 1984 मध्ये कर्करोगानं गेल्या. अवघं एक्कावन्न वय.

केंडल मंडळींचा मराठी नाटकाशी काही संबंध?

आहे, आणि अगदी नेमका. शशी आणि जेनिफर यांनी मुंबईत जुहूला पृथ्वी थिएटर उभं केलं. छोटं, तीन बाजूंनी प्रेक्षक, नटाचा घाम दिसेल इतकं जवळ. 5 नोव्हेंबर 1978 ला ते सुरू झालं ते गो. पु. देशपांडे यांच्या 'उद्ध्वस्त धर्मशाळा' या मराठी नाटकाच्या हिंदी प्रयोगानं. नसीरुद्दीन शाह, ओम पुरी त्यात होते. म्हणजे धाकटी बहीण जूनमध्ये राणीसमोर मालिकेचा निरोप घेते आणि पाच महिन्यांनी थोरली जुहूत मराठी नाटककाराच्या शब्दांनी पडदा उघडते. (पृथ्वीला पडदा नाही, पण वाक्प्रचार तर वापरू द्या.)

त्यांनी स्वतः काही लिहिलंय का?

'व्हाइट कार्गो', 1998. वडील बेशुद्धावस्थेत अंथरुणावर आहेत, मुलगी शेजारी बसून त्यांच्याशी बोलते आहे आणि त्यातून भारतातले ते दौरे उलगडतात. त्याच वर्षी जेफ्री गेले. नटनट्यांच्या आत्मचरित्रांत असतात तसे गावगप्पांचे फराळ इथं नाहीत. रागावलेल्या, हट्टी बापाला एकदाचं सगळं सांगून टाकणाऱ्या मुलीचं हे पुस्तक आहे. 2012 मध्ये बीबीसीसाठी शेक्सपिअर भारतात कसा रुजला याचा मागोवा घेणारा एक माहितीपटही त्यांनी केला. तोही जरूर पाहा.

नाचाच्या स्पर्धेत त्या होत्या, हे खरं का?

खरं. 2010 ची 'स्ट्रिक्टली कम डान्सिंग', वय 64. लवचिकपणा पाहून भल्याभल्यांची बोटं तोंडात गेली. आठव्या आठवड्यात बाहेर पडल्या.

बीबीसीच्या 'डॉक्टर हू' मालिकेत दिसल्या होत्या का?

2008 मध्ये, एका भागात. लेडी एडिसन, जिचं तरुणपणीचं गुपित भारतातलं आहे. भूमिका लिहिणाऱ्यानं मुद्दाम केलं की योगायोग, देव जाणे.

अजून काम करतात?

2021 मध्ये 'एनिथिंग गोज' या संगीतिकेत होत्या. त्यानंतर मायकेल फ्रेन यांचं 'नॉइझेस ऑफ'. एका फालतू फार्ससह गावोगाव फिरणाऱ्या नाटक कंपनीची ही गोष्ट. पहिल्या अंकात रंगीत तालीम, दुसऱ्यात तोच प्रयोग विंगेच्या मागून, तिसऱ्यात दौऱ्याच्या शेवटी सगळ्याचा बोऱ्या. त्यात मासळीच्या बशा कुठे ठेवल्या हे विसरणारी ज्येष्ठ नटी डॉटी त्यांनी केली, वयाच्या शहात्तराव्या वर्षी. दारं, बशा, टेलिफोन आणि वाक्यं यांचं वेळापत्रक त्या नाटकात सेकंदावर असतं.

आणि 2025 मध्ये लंडनच्या हॅम्पस्टेड थिएटरात 'इंडियन इंक' पुन्हा आलं. यावेळी फ्लोरा दुसरीच मुलगी होती. केंडलबाई होत्या मिसेस स्वान, म्हणजे भारतात गेलेल्या आणि तिथंच वारलेल्या थोरल्या बहिणीची पत्रं पेटीत जपून ठेवलेली म्हातारी धाकटी बहीण.